खोल समुद्रातली स्फटिकभित्ती रचताना: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कथा, कॉमिक किंवा खेळासाठी कल्पित जग उभं करणाऱ्यांकडून खोल समुद्रातल्या स्फटिकभित्तीबद्दल पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल. दुसऱ्या उत्तराशी संबंध येतो तिथे क्रमांक दिला आहे. जादूला आमची ना नाही. पण खरा समुद्र आणि खरे स्फटिक कसे वागतात ते कळलं की जादू नेमकी कुठे लागते आणि कुठे ती फुकट जाते हेही कळतं.

१. स्फटिकभित्ती म्हणजे नक्की काय? तळावर स्फटिकांचा ढीग असला तरी चालेल ना?

ढीग म्हणजे भित्ती नव्हे. प्रवाळभित्ती जागच्या जागी वाढते, जुन्या सांगाड्यांवर नवे जीव बसतात आणि तिच्या अडथळ्यामुळे प्रवाह, गाळ, अन्न सगळ्यांची वाट बदलते. स्फटिकभित्तीकडूनही एवढीच अपेक्षा ठेवा: खनिजाचा अखंड पुरवठा, जुन्यावर चढणारा नवा थर आणि तिच्या आधाराने जगणारं काहीतरी.

आमच्याकडे येणाऱ्या बहुतेक आराखड्यांत पहिलीच गोष्ट नसते. सुळके असतात, रंग असतात, राखणदार राक्षसही असतो. ते खनिज आलं कुठून याचा पत्ता नसतो. भित्तीचं चित्र काढण्याआधी तिचा झरा काढा.

२. असं काही खरोखर कुठे आहे का?

हुबेहूब नाही, पण तुकड्यातुकड्यांनी आहे. चार उदाहरणं बघून ठेवण्यासारखी आहेत.

पहिलं, ग्रीनलंडच्या नैर्ऋत्येचा इक्का फ्योर्ड. तळातून वर येणारं अल्कधर्मी, कार्बोनेटयुक्त झऱ्याचं पाणी थंडगार समुद्राच्या पाण्यात मिसळतं आणि इकाइट नावाच्या खनिजाचे खांब उभे राहतात. त्यांतले मोठे १८ ते २० मीटर उंच आहेत. जागा उथळ आहे, पण ‘पाण्याखालचं स्फटिकांचं वन’ या कल्पनेच्या सर्वांत जवळ जाणारी हीच.

दुसरं, अटलांटिक महासागरातलं ‘लॉस्ट सिटी’ हे झऱ्यांचं क्षेत्र. ते २००० साली सापडलं. खोली ७०० ते ८०० मीटर, पांढरी कार्बोनेटची धुराडी (झऱ्याच्या तोंडाशी खनिज साचून उभे राहिलेले मनोरे), सर्वांत मोठं सुमारे ६० मीटर उंच. बाहेर पडणारं पाणी साधारण ४० ते ९० अंश सेल्सिअस आणि पीएच (आम्ल-अल्क मोजणारं माप, ७च्या वर अल्कधर्मी) ९ ते ११.

तिसरं, मेक्सिकोतल्या नाइका खाणीतली गुहा. तीही २००० सालीच उघडकीला आली. जिप्समचे ११-१२ मीटर लांबीचे पारदर्शक स्फटिक तिथे पाण्याने भरलेल्या गरम पोकळीत वाढले. हा समुद्र नाही, पण महाकाय स्फटिकाला काय लागतं ते या गुहेइतकं स्पष्ट कुठेच दिसत नाही.

चौथं, कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यालगतच्या काचस्पंजांच्या भित्ती. या प्राण्यांचे सांगाडे सिलिकाचे, म्हणजे अक्षरशः काचेचे असतात. अशा भित्ती डायनोसॉरांच्या काळाबरोबर संपल्या असं मानलं जात होतं. १९८०च्या दशकात त्या जिवंत सापडल्या. ही काच स्फटिक नव्हे, तिच्यातल्या कणांची रचना अस्ताव्यस्त असते. कथेला मात्र त्याने काही बिघडत नाही.

३. सुरुवात कुठून करू? आधी आकार ठरवायचा की रंग?

दोन्ही शेवटी. आधी तळाचा खडक ठरवा, कारण झऱ्यात काय विरघळेल ते त्यावर अवलंबून. मग झऱ्याचं तापमान आणि पीएच. त्या पाण्यातून कोणतं खनिज बाहेर पडेल ते बघा (प्रश्न ५). त्या खनिजाला मानवेल अशी खोली निवडा (प्रश्न ४). वाढीच्या वेगावरून भित्तीचं वय काढा (प्रश्न ६). एवढं झालं की आकार, रहिवासी आणि उजेड जवळजवळ आपोआप सुचतात. उलट क्रमाने गेलात तर प्रत्येक पायरीला एक नवी जादू खर्च होते.

चालू शकेल असा एक साचा: तळात ऑलिव्हिन (मॅग्नेशियम-लोहाचं हिरवट खनिज) भरपूर असलेला खडक. त्याच्या भेगांत समुद्राचं पाणी मुरतं, खडकाशी रासायनिक क्रिया होऊन उष्णता आणि हायड्रोजन तयार होतो आणि पाणी अल्कधर्मी होऊन वर येतं. थंड समुद्रात मिसळताच त्यातलं कॅल्शियम कार्बोनेटच्या रूपात बसतं. ज्वालामुखी लागत नाही, लाव्हा लागत नाही, आणि असा झरा हजारो वर्षं चालतो; लॉस्ट सिटी किमान ३०,००० वर्षांची आहे.

४. किती खोल ठेवावी?

सूर्यप्रकाशावर वाढणारी झाडं-शेवाळं हवी असतील तर २०० मीटरच्या वर. अंधूक निळसर संधिप्रकाश हवा असेल तर २०० ते १,००० मीटर. त्याखाली सूर्य संपला. दाब दर १० मीटरला एका वातावरणाने (समुद्रसपाटीवरच्या हवेच्या दाबाएवढा) वाढतो, म्हणजे ८०० मीटरवर सुमारे ८१ वातावरण आणि २,५०० मीटरवर २५०च्या आसपास. खोल पाण्याचं तापमान बहुतेक ठिकाणी २ ते ४ अंश.

खालची मर्यादा खनिज ठरवतं. कॅल्शियम कार्बोनेट थंडीत आणि दाबाखाली जास्त विरघळतं. साधारण ४ ते ५ किलोमीटरच्या खाली कॅल्साइटचे पडणारे कण साचायच्या आतच नाहीसे होतात. ॲरागोनाइट हे कॅल्शियम कार्बोनेटचंच दुसरं स्फटिकरूप, त्याची हद्द त्याहून बरीच वर येते. म्हणून कार्बोनेटची भित्ती ६,००० मीटरवर ठेवायची असेल, तर झरा इतका जोरदार दाखवा की विरघळण्यापेक्षा भर जास्त पडेल.

नवख्यांनी ७०० ते ९०० मीटर घ्यावेत. अंधार पुरेसा असतो आणि वरून थोडा संधिप्रकाश झिरपतो, त्यामुळे वर्णनाला दोन्ही मिळतं.

५. कोणतं खनिज निवडू? क्वार्ट्झच बरं ना?

क्वार्ट्झ सगळ्यांना हवं असतं, कारण दुकानातला टोकदार षट्कोनी खडा डोळ्यांसमोर असतो. पण थंड समुद्रात क्वार्ट्झ जवळजवळ वाढतच नाही. कारखान्यात ते वाढवतात तेव्हा जाड पोलादी भांड्यात साडेतीनशे अंशांच्या आसपासचं तापमान आणि हजार वातावरणांच्या घरातला दाब देतात, तरीही कित्येक आठवडे जातात. जमेची बाजू अशी की एकदा तयार झालेलं क्वार्ट्झ थंड पाण्यात इतकं हळू विरघळतं की ते टिकलंच समजा. तेव्हा क्वार्ट्झ हवं असेल तर ते खडकाच्या गरम भेगांत वाढलं आणि नंतर भूकंपाने उघडं पडलं असं दाखवा.

जिप्सम देखणं, पण साध्या समुद्राच्या पाण्यात टिकत नाही. समुद्र जिप्समने संपृक्त नसतो, म्हणजे त्यात आणखी जिप्सम विरघळू शकतं. पाणी आटून एक तृतीयांशाच्या आसपास उरतं तेव्हा कुठे जिप्सम बाहेर पडू लागतं. बंदिस्त पोकळी किंवा तळावरचं अतिखारं डबकं असेल तरच ते वापरा.

ॲनहायड्राइट म्हणजे पाण्याविना जिप्सम. त्याची तऱ्हा उफराटी: समुद्राचं पाणी १५० अंशांपलीकडे तापलं की ते बाहेर पडतं आणि थंड झालं की पुन्हा विरघळतं. कथेसाठी हे सोनं आहे. प्रश्न १५ पाहा.

कॅल्साइट आणि ॲरागोनाइट हे भरवशाचे गडी. झरा अल्कधर्मी असला की पुरे. मऊ असतात (१ ते १०च्या मापावर काठिण्य ३ ते ४), आम्लाने फसफसतात, पण वाढतात.

ब्रूसाइट (मॅग्नेशियम हायड्रॉक्साइडचं खनिज) अल्कधर्मी झऱ्याच्या तोंडाशी बसतं आणि झरा मंदावला की समुद्र ते खाऊन टाकतो. ताजी धुराडी आणि जुनी धुराडी वेगळी दाखवायला उपयोगी.

बराइट (बेरियम सल्फेटचं खनिज) फार कमी विरघळतं आणि थंड झऱ्यांपाशीही सापडतं. घनता ४.५, म्हणजे हातात अनपेक्षितपणे जड लागतं.

मिठाचे, म्हणजे हॅलाइटचे घन हवे असतील तर पाणी मिठाने संपृक्तच लागतं. मृत समुद्रात आज नेमकं हेच चाललंय: मिठाचे कण बर्फासारखे खाली पडतात आणि तळावर थर चढतात.

आमचा सल्ला: एक मुख्य खनिज आणि एक दुय्यम खनिज, बस. सात रंगांची सात खनिजं एकाच झऱ्यातून निघाली की वाचकाला दागिन्यांचं दुकान दिसतं.

६. भित्ती किती वेगाने वाढेल?

खनिज बदललं की हा वेग लाखोपटींनी बदलतो. इक्काचे इकाइट खांब वर्षाला अर्ध्या मीटरपर्यंत वाढू शकतात. थंड पाण्यातले प्रवाळ वर्षाला काही मिलिमीटर ते दोन-अडीच सेंटिमीटर. नाइकातलं जिप्सम इतकं सावकाश वाढलं की एक मीटर जाडीला सुमारे दहा लाख वर्षं लागतात.

हिशोब सोपा आहे. ३० मीटरचा खांब, वर्षाला अर्धा मिलिमीटर: ६०,००० वर्षं. तोच खांब इकाइटचा: ६० वर्षं. पहिल्या भित्तीचा तुटलेला सुळका कुणाच्याही हयातीत भरून येणार नाही, तिथे चोरी हा कायमचा गुन्हा ठरतो. दुसऱ्या भित्तीत आजीने पाहिलेली वाट नातवाला बंद सापडते. तुमच्या कथेला कोणती भित्ती हवी, ते यावरून ठरवा.

७. माझ्या भित्तीत पुरुषभर उंचीचे पारदर्शक सुळके आहेत. झऱ्यावर असे वाढतील?

झऱ्याच्या तोंडाशी नाही. दोन पाणी झपाट्याने मिसळतात तिथे एकदम असंख्य बीजकण तयार होतात, प्रत्येकाच्या वाट्याला थोडंसंच खनिज येतं, आणि हाती लागतो बारीक कणांचा पांढरा सच्छिद्र दगड. लॉस्ट सिटीची धुराडी अशीच आहेत. जवळून पाहिली तर वितळलेल्या मेणासारखी किंवा बुरशीच्या टोप्यांसारखी दिसतात.

मोठ्या स्वच्छ स्फटिकाला याच्या बरोबर उलट परिस्थिती लागते: बीजकण थोडे, द्रावण जेमतेम अतिसंपृक्त (मावतं त्याहून किंचित जास्त खनिज विरघळलेलं), पाणी जवळजवळ स्थिर आणि तापमान हजारो वर्षं न हलणारं. नाइकात पाणी ५८ अंशांच्या किंचित खाली राहिलं. त्याच सीमेवर ॲनहायड्राइट हळूहळू विरघळतं आणि जिप्सम हळूहळू बसतं.

मग जमवायचं कसं? भित्तीचं बाहेरचं अंग धुराड्यांचं, मेणचट आणि खडबडीत ठेवा. मोठे सुळके आतल्या पोकळ्यांत ठेवा, जिथे प्रवाह पोचत नाही. बाहेरून ओबडधोबड, आत महाल. पात्रांना आत जायला कारणही मिळतं.

८. भित्ती लखलखेल ना? हिऱ्यासारखी?

हवेत जितकी चमकते तितकी नक्कीच नाही. चमक ही स्फटिक आणि भोवतालचं माध्यम यांच्या अपवर्तनांकांतल्या (प्रकाश किती वाकतो त्या मापांतल्या) फरकातून येते. हवेचा अपवर्तनांक १, समुद्राच्या पाण्याचा १.३४, क्वार्ट्झचा १.५४. समोरून पडलेल्या प्रकाशातला सुमारे साडेचार टक्के भाग क्वार्ट्झ हवेत परत फेकतं, पाण्यात जेमतेम अर्धा टक्का. फ्लोराइटचा अपवर्तनांक १.४३, पाण्यात ते हजारात एक भाग परत फेकतं, म्हणजे दिव्याच्या उजेडातही जवळपास अदृश्य. काचेची गोटी पाण्याने भरलेल्या पेल्यात टाकून पाहा, लगेच पटेल.

याचा फायदा घ्या. न दिसणारा सुळका चमकणाऱ्यापेक्षा जास्त धोकादायक असतो. तो ओळखायचा तर त्यामागच्या गोष्टी वाकड्या दिसतात यावरून, किंवा त्यावर बसलेल्या गाळावरून.

स्वच्छ कॅल्साइट आणखी एक गंमत करतं: आरपार पाहिलं तर प्रत्येक वस्तू दुहेरी दिसते, पाण्यातसुद्धा. १० सेंटिमीटर जाडीच्या तुकड्यातून पाहिलं तर दोन प्रतिमांत साधारण एक सेंटिमीटरचं अंतर पडतं. एकाच कंदिलाचे दोन कंदील दिसतील.

९. मग उजेड कुठून आणू? स्फटिक स्वतः प्रकाशू शकतात?

स्वतःहून, सतत, फुकट नाही. प्रतिदीप्तीचं (एक प्रकाश शोषून दुसऱ्या रंगात उजळण्याचं) नाव सगळे घेतात, पण फ्लोराइट किंवा मँगनीजयुक्त कॅल्साइट रंगीत उजळायला आधी अतिनील प्रकाश लागतो, आणि तो ८०० मीटरवर पोचत नाही. घासल्यावर किंवा फुटताना उजेड देणारे स्फटिक आहेत: क्वार्ट्झचे दोन तुकडे अंधारात एकमेकांवर घासले की फिकट लुकलुक दिसते, आणि ती पाण्याखालीही दिसते. भूकंपाच्या वेळी अख्खी भित्ती क्षणभर उजळली, असं दृश्य यावरून बेतता येईल.

सततचा उजेड हवा असेल तर तो जिवांकडून घ्या. खोल पाण्यातले बहुतेक प्रकाशमान जीव निळा किंवा निळसर हिरवा प्रकाश देतात, कारण पाण्यात तोच दूर जातो. काचस्पंजांचे सिलिकाचे काटे प्रकाशवाहक तंतूंसारखे प्रकाश वाहून नेतात. हा गुण भित्तीला दिलात, तर एका टोकाला बसलेल्या प्रकाशमान जिवांमुळे दुसरं टोक उजळेल. आमच्या मते सगळ्या पर्यायांत हा सर्वांत कमी जादू खाणारा आहे.

१०. लाल आणि जांभळे स्फटिक दाखवले तर चुकेल का?

स्फटिक लाल असू शकतो, दिसू शकत नाही. लाल प्रकाश पहिल्या काही मीटरांतच शोषला जातो. निळ्या उजेडात लाल वस्तू काळी दिसते. पात्राने पांढरा दिवा जवळ नेला की रंग उमटेल, चार-पाच पावलं मागे सरकलं की पुन्हा विझेल.

रंगांची कारणंही हाताशी ठेवा: मँगनीजमुळे गुलाबी, तांब्यामुळे हिरवा. जांभळ्या क्वार्ट्झला लोह आणि खडकातला नैसर्गिक किरणोत्सार दोन्ही लागतात, त्यामुळे तो खडकाच्या भेगांत शोभतो, ताज्या धुराड्यावर नाही.

११. तिथे कोण राहील आणि काय खाईल?

स्फटिक कुणी खात नाही, एवढं आधी मान्य करू. अन्नाचे मार्ग दोन. एक, वरून झिरपणारा मृत जिवांचा आणि विष्ठेचा भुगा, ज्याला सागरी हिम म्हणतात. दोन, झऱ्यातली रसायनं: हायड्रोजन, मिथेन किंवा हायड्रोजन सल्फाइडवर जगणारे सूक्ष्मजीव आणि त्यांच्यावर जगणारे बाकीचे.

यात एक फरक सांभाळा. सल्फाइडने भरलेल्या अतितप्त काळ्या धुराड्यांभोवती दोन मीटर लांबीचे नळीकृमी, शिंपले, खेकडे यांची दाटी असते. लॉस्ट सिटीसारख्या हायड्रोजन-मिथेनच्या झऱ्यावर मोठे प्राणी थोडे आणि सूक्ष्म व चिमुकले जीव पुष्कळ. पांढऱ्या सुंदर भित्तीवर राक्षसी खेकड्यांची फौज ठेवायची असेल, तर जवळपास सल्फाइडचा एखादा झरा ठेवा किंवा भित्तीला जोरदार प्रवाहात उभी करा. थंड पाण्यातले प्रवाळ उंचवट्यांवर वाढतात ते यासाठीच: तिथे प्रवाह अन्न घेऊन येतो.

गाळ हा सगळ्यांचा शत्रू. आडव्या पृष्ठभागांवर तो साचतो, उभ्या कडांवर नाही. म्हणून रहिवाशांना कडांवर आणि छताच्या खालच्या बाजूला बसवा.

१२. एवढ्या दाबाखाली स्फटिक फुटणार नाहीत?

नाहीत. दाब सगळ्या बाजूंनी सारखा असतो, आणि भरीव स्फटिकाला त्याने काही होत नाही. फुटतं ते आत हवा अडकलेलं. ८०० मीटरवर बंद हवेच्या पोकळीच्या भिंतीवर दर चौरस सेंटिमीटरला ८० किलोहून जास्त भार येतो. ‘स्फटिकाच्या घुमटात कोरडी राजधानी’ काढायची असेल तर भिंती खूप जाड, घुमट गोल आणि निर्दोष हवा. एक भेग आणि खेळ खलास. पाण्याने भरलेल्या पोकळीला मात्र हा धोका नाही.

१३. दाबातून वीज तयार करणारे स्फटिक असतात ना? भित्ती सतत वीज देईल?

सतत तर नाहीच. दाब बदलतो तेव्हाच प्रभार तयार होतो; स्थिर दाबाखाली तो गळून जातो, खाऱ्या पाण्यात तर लगेच.

शिवाय एक बारकावा बहुतेकांच्या नजरेतून सुटतो. क्वार्ट्झ एका दिशेने दाबलं की वीज देतं, पण पाण्यासारखा सगळीकडून सारखा दाब पडला तर देत नाही; त्याच्या रचनेतल्या सममितीमुळे परिणाम एकमेकांना खोडतात. टूर्मलीन मात्र सर्व बाजूंच्या दाबालाही प्रतिसाद देतं, म्हणूनच पाण्याखालच्या स्फोटांचा दाब मोजायला ते वापरलं गेलं आहे. तेव्हा भित्तीत टूर्मलीनच्या शिरा ठेवा आणि विजेला निमित्त द्या: दूरवरचा स्फोट, दरड, महाकाय प्राण्याची धडक. भित्ती वीजघर होणार नाही, पण उत्तम पहारेकरी होईल.

१४. तोडलेला स्फटिक वर आणला तर काय होईल?

क्वार्ट्झ, कॅल्साइट, बराइट: काही नाही, फक्त जास्त चमकेल (प्रश्न ८ उलटा वाचा). झऱ्याजवळचा गरम तुकडा ४ अंशांच्या पाण्यातून झटकन ओढला तर तडकू शकतो.

इकाइट साधारण ७ अंशांच्या वर टिकत नाही. त्यात पाण्याचे रेणू बांधलेले असतात. ऊब लागली की पाणी सुटतं आणि हातात ओला चुरा उरतो. चोराने रत्न चोरलं आणि किनाऱ्यावर पोतं उघडलं तर आत पांढरा चिखल. याला जादू लागत नाही.

मिथेन हायड्रेट हा बर्फासारखा दिसणारा पदार्थ थंडी आणि दाब असेतोवरच स्थिर असतो. एका घनमीटरमधून सुमारे १६० घनमीटर वायू सुटतो, तोही ज्वलनशील. तो पाण्यापेक्षा हलका असतो, त्यामुळे तुटलेला तुकडा बुडत नाही, वर निघतो. बंद डब्यात भरून आणला तर डबा फुटेल. १९९७ साली मेक्सिकोच्या आखातात या हायड्रेटमध्ये बिळं करून राहणारे किडे सापडले आहेत, तेव्हा रहिवाशांची सोयही झालेली आहे.

१५. भित्ती मरते कशी?

सहसा झरा सरकतो म्हणून. खनिज बसून बसून वाट बुजते, पाणी दुसरी भेग शोधतं. कार्बोनेटचं धुराडं त्यानंतरही उभं राहतं, त्यातलं ब्रूसाइट हळूहळू निघून जातं आणि ॲरागोनाइटचं कॅल्साइट होतं. ॲनहायड्राइटने जोडलेलं धुराडं मात्र थंड होताच आतून विरघळू लागतं आणि कोसळतं. बाहेरून शाबूत, आतून पोकळ असा काळ मध्ये येतो. पात्रांना तिथे नेमकं तेव्हाच पाठवा.

दुसरं कारण आम्ल. पाण्यात कार्बन डायऑक्साइड वाढला की कार्बोनेटची हद्द वर सरकते (प्रश्न ४). भित्ती खालून वर मरत जाते, तळाचे खांब आधी बारीक होतात. तिसरं कारण गाळ: एक मोठी दरड आणि रहिवासी गुदमरले.

१६. पाण्याखाली स्फटिक तोडायचे कसे?

घण विसरा, पाणी हाताचा वेग खातं. पहार आणि पाचर वापरा, आणि खनिजाचा स्वभाव ओळखा. जिप्समचे पातळ पापुद्रे निघतात. कॅल्साइट तीन दिशांनी फुटून तिरके ठोकळे देतं. फ्लोराइट चार दिशांनी फुटतं. क्वार्ट्झला अशी दिशाच नाही, ते काचेसारखं वेडंवाकडं फुटतं आणि कडा ब्लेडसारख्या धारदार होतात.

वजनाचा हिशोब: १०० किलोचा क्वार्ट्झचा तुकडा पाण्यात सुमारे ६१ किलोचा भरतो, बराइटचा ७७ किलोचा. वर खेचताना तुकडा पाण्याबाहेर आला की उरलेलं वजन एकदम परत येतं. दोर तिथेच तुटतात. पहिल्याच घावानंतर गाळ उसळून काही दिसेनासं होतं, म्हणून प्रवाहाच्या वरच्या अंगाला उभं राहून काम करावं.

१७. माणसं तिथे पोचतील का?

उघड्या समुद्रात डुबकी मारणाऱ्या माणसांनी काम करण्याची खोली १९८८ साली ५३४ मीटरपर्यंत गेली. दाबकक्षात (कृत्रिम दाब दिलेल्या बंद खोलीत) १९९२ साली ७०१ मीटर. तेही हायड्रोजन आणि हेलियम मिसळलेला वायू घेऊन. वर येताना साधारण दर ३० मीटरला एक दिवस धरा, म्हणजे ७०० मीटरवरून तीन आठवड्यांहून जास्त. जलमानवांच्या शरीरात हवेच्या पोकळ्या नसतील आणि ते कल्ल्यांनी श्वास घेत असतील, तर त्यांना ही अडचण नाही.

१८. आमच्या जगात गुरुत्व निम्मं आहे. काय बदलेल?

दाब निम्मा: १,००० मीटरवर सुमारे ५० वातावरण. खांब स्वतःच्या भाराखाली मोडण्याआधी दुप्पट उंच होऊ शकतात. पण तरंगणं-बुडणं तसंच राहील, ते घनतेवर चालतं. प्रकाशही बदलत नाही. १,००० मीटरवर तिथेही अंधारच. गाळ मात्र सावकाश बसेल, पाणी जास्त वेळ गढूळ राहील.

१९. आमच्या समुद्रात डायटमसारखे जीवच नाहीत. त्याने काही फरक पडतो?

फार मोठा, आणि हा प्रश्न विचारणाऱ्याने गृहपाठ केलाय हे कळतं. आपल्या समुद्रात सिलिका इतकी कमी आहे, कारण डायटम (सिलिकाचं कवच असलेलं सूक्ष्म शेवाळ) आणि इतर जीव ती कवचांसाठी उपसून घेतात. असे जीव येण्याआधीच्या समुद्रांत सिलिका कितीतरी जास्त होती. तुमच्या समुद्रात ते नसतील तर झऱ्याचं गरम पाणी थंड होताना सिलिकेचे थर बसणं सोपं होतं. सुरुवातीला बसते ती ओपलसारखी, स्फटिक नसलेली सिलिका. क्वार्ट्झ व्हायला तिला पुष्कळ काळ आणि थोडी ऊब लागते. दुधी, अर्धपारदर्शक भित्ती चालत असेल तर याहून चांगली जागा नाही.

२०. कथेत भित्ती एका रात्रीत उगवायला हवी आहे. यातून काही वाट?

आहे, पण किंमत मोजून. समजा, एखाद्या बंदिस्त खोऱ्यातलं पाणी अतिसंपृक्त होऊन अडून बसलंय, त्यात पहिलं बीज पडलं नाही एवढंच. बीज पडलं की स्फटिक भराभर पसरतील. हात शेकायच्या सोडियम ॲसिटेटच्या पिशवीत हेच घडतं: आतली चकती दाबली की काही सेकंदांत सगळं गोठतं आणि पिशवी गरम होते. तुमचं खोरंही तापेल, आतले जीव होरपळतील किंवा जागच्या जागी अडकतील. रत्नासारखे सुळके मिळणार नाहीत. सुया, पिसं आणि नेच्याच्या पानांसारखी जाळी मिळेल, गढूळ आणि ठिसूळ. आणि हे एकदाच होईल. पाणी पुन्हा अतिसंपृक्त व्हायला झऱ्याला जेवढा काळ लागेल, तोवर दुसरी रात्र नाही.